दर सोमवारी गायब होणारी फाइल: ब्राउझरमध्ये व्हिडिओ अडतो त्याचा छडा

आत्याचा फोन सोमवारी संध्याकाळी साडेसातच्या सुमारास यायचा. "आलंय बघ परत ते." 'ते' म्हणजे काय, हे पुढे पुढे विचारावंही लागेना. सांगलीला तिच्या लॅपटॉपवर मालिका लावायला गेलं की काळ्या चौकटीत एक एरर कोड, आणि फायरफॉक्सच्या वरच्या पट्टीत इंग्रजीत निरोप: या पानावरचा ऑडिओ किंवा व्हिडिओ चालवायला लागणारे घटक बसवले जात आहेत, थोड्या वेळाने पुन्हा प्रयत्न करा. हा थोडा वेळ कधी दहा मिनिटांचा, तर कधी जेवणं उरकून भांडी घासून होईपर्यंत. मंगळवार ते रविवार सगळं ठीक. पुढच्या सोमवारी पुन्हा पहिले पाढे पंचावन्न.

मी पुण्यात, लॅपटॉप सांगलीत, मध्ये फोन. कुकीज पुसल्या, कॅशे रिकामी केली, लॅपटॉप बंद करून चालू केला, एकदा तर अख्खा फायरफॉक्स काढून पुन्हा टाकायला लावला. दर वेळी चाललं, आणि दर वेळी मी "झालं गं" म्हणून फोन ठेवला. चूक इथेच होती. मी काहीच केलं नसतं तरी अर्ध्या तासाने ते आपलं आपण चाललं असतं. आपोआप बऱ्या होणाऱ्या दुखण्यावर कुठलाही काढा लागू पडतो.

असाच त्रास ज्यांना वारंवार होतो त्यांच्यासाठी सगळं नीट लिहून ठेवतोय. आत्याच्या लॅपटॉपवरून दर सोमवारी एक फाइल गायब होत होती. आधी ती फाइल आहे तरी काय ते.

पैसे भरून बघायचे बहुतेक व्हिडिओ कुलूपबंद येतात. या कुलपालाच डीआरएम म्हणतात. कुलूप उघडण्याचं काम ब्राउझर स्वतः करत नाही. त्यासाठी त्याच्या पोटात एक वेगळा तुकडा बसवलेला असतो. क्रोम आणि फायरफॉक्समध्ये त्याचं नाव वाइडवाइन. ही मूळची दुसरी कंपनी, २०१० मध्ये गूगलने विकत घेतली. विंडोजवर हा तुकडा म्हणजे 'वाइडवाइन-सीडीएम' नावाची एक डीएलएल फाइल (दुसऱ्या प्रोग्रॅमला लागणारा कोडचा तुकडा), लिनक्सवर तीच 'लिब-वाइडवाइन-सीडीएम' नावाने एसओ फाइल. तुम्ही प्लेचं बटण दाबलं की हा तुकडा लायसन्सची मागणी तयार करतो, ती मागणी साइटच्या सर्व्हरकडे जाते, तिकडून किल्ली येते आणि कुलूप या तुकड्याच्या आतच उघडतं. साइट आणि हा तुकडा यांनी एकमेकांशी कुठल्या भाषेत बोलायचं, त्याचं प्रमाण डब्ल्यूथ्रीसी या वेबचे नियम ठरवणाऱ्या संस्थेने सप्टेंबर २०१७ मध्ये मान्य केलं. त्यावरून भांडणंही बरीच झाली होती, पण तो इथला विषय नाही.

इथे कामाची गोष्ट एवढीच: फायरफॉक्स टाकताना हा तुकडा त्याच्यासोबत येत नाही. नंतर तो गुपचूप डाउनलोड होतो आणि तुमच्या प्रोफाइलच्या फोल्डरमध्ये जाऊन बसतो. म्हणजे ही फाइल प्रोग्रॅम फाइल्समध्ये सुरक्षित नसते, तुमच्या बुकमार्क आणि कुकीजच्या शेजारी उघड्यावर पडलेली असते. झाडू मारणाऱ्याच्या हाताला लागेल अशा जागी. क्रोम एक प्रत स्वतःच्या इन्स्टॉलेशनसोबतही ठेवतो, त्यामुळे हा विशिष्ट त्रास तिथे कमी दिसतो.

पाचव्या का सहाव्या सोमवारी मला अक्कल आली आणि दुरुस्तीला हात लावण्याआधी मी आत्याला फक्त बघायला सांगितलं. फायरफॉक्समध्ये उजवीकडच्या तीन रेघा, हेल्प, मग 'मोअर ट्रबलशूटिंग इन्फर्मेशन'. तिथे 'प्रोफाइल फोल्डर' अशी ओळ असते आणि तिच्यापुढे 'ओपन फोल्डर'चं बटण. उघडलेल्या खिडकीत 'जीएमपी-वाइडवाइन-सीडीएम' नावाचं फोल्डर शोधायचं.

"नाहीये," आत्या म्हणाली.
"नीट बघ, जी वरून सुरू होतं."
"अरे, जी वरून एकच आहे, ओपन-एच-दोनशे-चौसष्टवालं."

ते वेगळं. ते सिस्कोचं व्हिडिओ कोडेक, व्हिडिओ कॉलसाठी लागतं, त्याचा डीआरएमशी संबंध नाही. पुष्कळ जण ते बघून 'प्लगिन तर आहे की' असं समजतात. आपल्याला हवं ते फोल्डर खरंच नव्हतं. वीस मिनिटांनी पुन्हा बघायला सांगितलं तर आलं होतं, आणि आत आकड्यांच्या नावाचं उप-फोल्डर, ४.१० ने सुरू होणारं. त्यावर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, 'क्रिएटेड'पुढची तारीख आणि वेळ: त्याच दिवशीची, संध्याकाळी सात वाजून एकोणपन्नास मिनिटं.

पुढच्या सोमवारी सकाळी, लॅपटॉप उघडायच्या आधी, मी तिला सांगून ठेवलं की उघडल्या उघडल्या आधी ते फोल्डर बघ, मग बाकीचं. सकाळी ते होतं. दुपारी होतं. संध्याकाळी नव्हतं. म्हणजे इंटरनेट, साइट, सबस्क्रिप्शन, आणि मी पुसलेल्या सगळ्या कुकीज निर्दोष. कुणीतरी सोमवारी संध्याकाळी येऊन फाइल उचलून नेत होतं.

चोर घरातलाच निघाला. लॅपटॉप दुरुस्तीला दिला होता तेव्हा दुकानदाराने आपणहून एक साफसफाईचं सॉफ्टवेअर टाकून दिलं होतं, 'लॅपटॉप फास्ट राहतो' म्हणून. त्याचं वेळापत्रक दर सोमवारी संध्याकाळी सातचं, आणि 'ब्राउझरचे प्लगिन आणि जुना डेटा' या चौकटीत टिकमार्क. ते सगळं झाडून टाकायचं, फायरफॉक्स बिचारा पुन्हा डाउनलोड करायला घ्यायचा, आणि नेमकी तीच आत्याची मालिकेची वेळ.

अशी वेळापत्रकं शोधायची जागा म्हणजे विंडोजचं टास्क शेड्यूलर. स्टार्टमध्ये नाव टाइप केलं की सापडतं. डावीकडे लायब्ररी, मधल्या यादीत प्रत्येक कामाचं 'लास्ट रन टाइम'. फोल्डर गायब व्हायच्या वेळेशी कुठली वेळ जुळते ते बघायचं. एक बारकावा: लॅपटॉप मिटलेला असताना चुकलेलं काम तो उघडल्यावर लगेच चालवायची सोय तिथे असते. त्यामुळे ठरलेली वेळ मध्यरात्रीची दिसली तरी झाडू सकाळी चहाच्या वेळेला फिरलेला असू शकतो. ठरलेल्या वेळेवर विसंबू नका, प्रत्यक्ष चालल्याची वेळ बघा.

आता उपाय. आत्याकडे मी ते सॉफ्टवेअर सरळ काढून टाकलं. विंडोजमध्ये तात्पुरत्या फाइली साफ करायची सोय आहेच, वर आणखी कशाला हवं? ज्यांना ते ठेवायचंच आहे त्यांनी त्याच्या वगळण्याच्या यादीत हे एक फोल्डर घालावं. मग फाइल परत आणायची: फायरफॉक्सच्या सेटिंग्जमध्ये जनरलखाली डीआरएमचा भाग आहे, तिथे 'प्ले डीआरएम-कंट्रोल्ड कंटेंट'चा टिकमार्क काढायचा आणि पुन्हा लावायचा. टिकमार्क काढला की फायरफॉक्स त्याच्याकडची असेल ती प्रत पुसून टाकतो, लावला की नवी आणतो. मग दोन-चार मिनिटं थांबा. लगेच प्ले दाबत बसू नका. ॲड-ऑन्समध्ये 'प्लगिन्स' उघडलं की तिथे वाइडवाइनची नोंद आणि आवृत्ती दिसते. ती दिसली म्हणजे आली.

क्रोमवाल्यांनी ॲड्रेस बारमध्ये इंग्रजीत क्रोम, कोलन, दोन तिरक्या रेघा आणि कंपोनंट्स असं लिहून एंटर दाबावं. यादीत वाइडवाइनचं नाव येतं, त्याखाली 'चेक फॉर अपडेट'. तिथे आवृत्तीऐवजी चार शून्यं दिसली तर तो भाग उतरलेलाच नाही.

झाडूवाला सापडला नाही तर पुढचा संशयित अँटिव्हायरस. त्याच्या क्वारंटाइनच्या यादीत वाइडवाइनचं नाव आहे का बघा. असेल तर परत आणा आणि फक्त त्या एका फोल्डरला सूट द्या, अख्ख्या प्रोफाइलला नको. मग सी ड्राइव्ह. एकशे अठ्ठावीस जीबीच्या एसएसडीवर व्हॉट्सॲपचे व्हिडिओ साचून जागाच उरलेली नसते, डाउनलोड अर्धवट राहतं, आणि निरोप मात्र तोच 'थोड्या वेळाने'चा. ऑफिसच्या लॅपटॉपवर हे घडत असेल तर बहुधा तिथल्या प्रॉक्सीने डाउनलोड अडवलेलं असतं. ते आयटीवाल्यांशी बोलून सोडवा, फाइल पेन ड्राइव्हवर नेऊन आत कोंबू नका.

फाइल जागेवर आहे, तारीखही जुनी आहे, तरी एरर येतो? मग ब्राउझरचं वय बघा. विंडोज ७ आणि ८.१ वर क्रोमची शेवटची आवृत्ती १०९, जानेवारी २०२३ मधली. कुलूपवाले जुन्या तुकड्यांना टप्प्याटप्प्याने बाद करत जातात. तुमच्याकडून सगळं बरोबर असतं, सर्व्हर किल्ली द्यायलाच तयार नसतो. यावर ब्राउझरच्या आतून उपाय नाही. लॅपटॉप बरा असेल तर नवी विंडोज किंवा लिनक्स टाका. लिनक्सवर फायरफॉक्स वाइडवाइन स्वतः आणतो, फक्त तोच टिकमार्क आधी लावावा लागतो. क्रोमियम, म्हणजे क्रोम ज्यावर बेतलेला आहे तो मुक्त ब्राउझर, मात्र हा तुकडा सोबत आणत नाही. 'क्रोमवर चालतं, क्रोमियमवर चालत नाही' या तक्रारीचं कारण बऱ्याचदा एवढंच असतं.

आता एक गोष्ट जरा जोरात सांगतो. फाइलचं नाव शोधात टाकलं की 'ही डीएलएल मोफत डाउनलोड करा' म्हणणाऱ्या साइटी रांगेने येतात. तिथून काहीही घेऊ नका. वाइडवाइनच्या डीएलएलसोबत तिची सही असलेली वेगळी फाइल असते, आवृत्ती ब्राउझरशी जुळावी लागते, आणि कुठून तरी आणलेली प्रत बसवली तरी सर्व्हर तिला हिंग लावून विचारत नाही. शिवाय त्या प्रतीबरोबर घरात आणखी कोण शिरलं, ते कळायला महिना जातो.

हाच नियम विंडोजच्या स्वतःच्या मीडिया फाइलींना लागू. 'एमएफ-प्लॅट नावाची डीएलएल सापडत नाही' असा निरोप आला तर तुमची विंडोज एन आवृत्तीची आहे का ते आधी बघा. सेटिंग्ज, सिस्टिम, अबाउट इथे नावाच्या शेवटी एकटा एन दिसतो. युरोपियन कमिशनच्या २००४ च्या निकालानंतर मायक्रोसॉफ्टला मीडिया प्लेअर वगळलेली विंडोज तिकडे विकावी लागली, तीच ही. जर्मनीत शिकून आलेल्या माझ्या भाच्याने विद्यापीठाच्या परवान्यावर हीच टाकली होती आणि नाशिकला परत आल्यावर 'इथे काहीच चालत नाही' म्हणून इंटरनेटवाल्याशी दोन दिवस हुज्जत घातली. उपाय पाच मिनिटांचा: ऑप्शनल फीचर्समध्ये जाऊन 'मीडिया फीचर पॅक' जोडायचा आणि रीस्टार्ट. एन नसेल आणि तरीही फाइल हरवली असेल, तर ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून आधी डिस्म या विंडोजच्याच दुरुस्तीच्या साधनाची रिस्टोअर-हेल्थची आज्ञा, मग एसएफसी, एक स्पेस, तिरकी रेघ, स्कॅन-नाऊ. क्रम हाच ठेवा. डिस्म विंडोजच्या मूळ फाइलींचं कोठार दुरुस्त करतं आणि एसएफसी त्या कोठारातून फाइली काढून जागेवर बसवतं.

तक्रार सारखी वाटते पण दुखणं निराळं, अशी दोन उदाहरणं वारंवार येतात.

पहिलं, टीव्हीला जोडल्यावर चित्र काळं, आवाज येतोय आणि सबटायटल्स छान दिसतायत. इथे वाइडवाइनला हात लावू नका. सबटायटल्स कुलपाबाहेरच्या थरात रंगवलेली असतात म्हणून ती दिसतात. चित्र मात्र केबलमधून जाताना एचडीसीपी नावाच्या, वाटेत नक्कल रोखणाऱ्या दुसऱ्या कुलपात असतं आणि वाटेतल्या प्रत्येक उपकरणाने ते मानावं लागतं. लॅमिंग्टन रोडवरून आणलेला स्वस्तातला एचडीएमआय स्प्लिटर किंवा व्हीजीए कन्व्हर्टर मध्ये असेल तर तो काढून लॅपटॉप आणि टीव्ही थेट एका केबलने जोडून बघा. व्हीजीएमध्ये एचडीसीपीची सोयच नाही, त्यामुळे तिथे कितीही खटपट केली तरी व्यर्थ. फोर-के हवं असेल तर साखळीतलं सगळं एचडीसीपी २.२ चं लागतं. मीटिंगमध्ये स्क्रीन शेअर केल्यावर समोरच्याला काळं दिसणं हा तर बिघाडच नाही, ते तसंच ठरवलेलं आहे.

दुसरं, व्हिडिओ चालतो पण धूसर, विशेषतः फोनवर. अँड्रॉइडवर वाइडवाइनच्या पायऱ्या असतात. एल-१ म्हणजे कुलूप उघडणं आणि चित्र उलगडणं, दोन्ही प्रोसेसरच्या राखीव भागात. एल-३ म्हणजे सगळं साध्या सॉफ्टवेअरमध्ये. एल-३ वर बहुतेक साइटी एचडी देत नाहीत. डीआरएम इन्फो नावाचं साधं ॲप ही पायरी दाखवतं. पोको एफ-१ हा फोन २०१८ मध्ये एल-१ शिवायच आला होता आणि पुढच्या वर्षी अपडेटने ते मिळालं, म्हणजे कधीकधी वाट बघणं हाच उपाय असतो. पण बूटलोडरचं, म्हणजे फोन सुरू करणाऱ्या प्रोग्रॅमचं, कुलूप उघडून एल-१ गेलं असेल तर ॲप पुन्हा टाकून ते येत नाही. त्याची किल्ली, जेमतेम १२८ बाइटची, कारखान्यात भरलेली असते. किल्लीच खराब झाली असेल तर सर्व्हिस सेंटर. लॅपटॉपवर धूसर दिसत असेल तर तोच व्हिडिओ विंडोजच्या एज ब्राउझरमध्ये लावून बघा. तिथे मायक्रोसॉफ्टचं प्लेरेडी वापरलं जातं, ते हार्डवेअरच्या आधाराने चालू शकतं, आणि काही साइटी तिथे जास्त चांगलं चित्र देतात.

हे सगळं मार्गी लागल्यावर आत्याने एक जुनं प्रकरण पुढे केलं. २००५ च्या आसपास जुन्या कॉम्प्युटरवर आजोबांच्या नाट्यसंगीताच्या सीड्या मीडिया प्लेअरने उतरवून घेतल्या होत्या, त्या डब्ल्यूएमए फाइली नव्या लॅपटॉपवर उघडत नाहीत. त्या काळी मीडिया प्लेअरच्या रिपिंगच्या सेटिंगमध्ये 'कॉपी प्रोटेक्ट म्युझिक' अशी चौकट असायची. तिच्यातला टिकमार्क राहून गेला की स्वतःच्या सीडीवरून उतरवलेलं गाणंही त्या एका कॉम्प्युटरला बांधलं जायचं. लायसन्सं राहायची एका लपलेल्या डीआरएम नावाच्या फोल्डरमध्ये, आणि काम करायच्या 'ब्लॅकबॉक्स'सारख्या नावाच्या डीएलएल. हार्ड डिस्क बदलली की सगळं संपलं. २०१६ च्या ॲनिव्हर्सरी अपडेटनंतर विंडोज १० मधून ती जुनी व्यवस्थाच गेली, त्यामुळे त्या डीएलएल शोधून आणल्या तरी नव्या विंडोजवर त्यांचा काडीचा उपयोग नाही.

जुना कॉम्प्युटर माळ्यावर असेल आणि चालू होत असेल, तर त्याच मशीनवर ती गाणी ऑडिओ सीडीवर जाळता येतात का बघा. पुष्कळ लायसन्सं तेवढी मुभा देत असत. आत्याकडे तो कॉम्प्युटर नाही, पण मूळ सीड्या कपाटात वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवलेल्या निघाल्या. यूएसबीचा ड्राइव्ह मी कुरिअरने पाठवलाय. या वेळी टिकमार्क न लावता, सरळ फ्लॅक या आवाजाचा दर्जा न घटवणाऱ्या प्रकारात उतरवायचं. अकरा सीड्या आहेत, त्यातली तिसरी तिरपी धरली की खरवडलेली दिसते म्हणते. ती सगळ्यात शेवटी, सावकाश वेगाने लावायला सांगितलं आहे.